शाळेच्या मैदानातलं शेड आणि कलम १६ चा विवाद अर्ज : माझा अनुभव

कुणाला ग्रामपंचायत सदस्याच्या अपात्रतेसाठी जिल्हाधिकाऱ्यांकडे अर्ज करायचा असेल, तर एक गोष्ट आधीच सांगते. सगळ्या गावाला माहीत आहे, याला तिथं काडीची किंमत नाही. कागदावर जेवढं आहे तेवढंच चालतं. मला हे उमगेपर्यंत चार महिने गेले. तुमचे जाऊ नयेत म्हणून लिहितेय.

मी घरी ब्लाउज आणि ड्रेस शिवते. मुलगी पाचवीत असताना आमच्या जिल्हा परिषद शाळेच्या शाळा व्यवस्थापन समितीवर मला पालक म्हणून घेतलं होतं. शाळेचं मैदान रस्त्याला लागून आहे आणि त्याच्या एका कोपऱ्यात पत्र्याचं शेड होतं, ३० फूट बाय २४ फूट. आत खताची पोती, ठिबकच्या नळ्यांची भेंडोळी, एक मोडकं पेरणी यंत्र. शेड ज्यांचं, ते जानेवारी २०२१ च्या निवडणुकीत ग्रामपंचायतीवर निवडून आले. नात्यानं ते माझे चुलत दीर.

खो-खोचं मैदान २७ मीटर लांब लागतं. आमच्याकडं तेवढी जागा होती, पण एका बाजूचा खांब शेडला एवढा खेटून यायचा की पळणाऱ्या मुलीला खांबाला वळसा घालता यायचा नाही. मार्च २०२२ मध्ये माझ्या मुलीचा दंड तिथल्या सुटलेल्या पत्र्यानं कापला. तीन टाके आणि धनुर्वाताचं इंजेक्शन. संध्याकाळी मी त्यांच्या घरी गेले. म्हटलं, "भाऊजी, निदान तेवढी बाजू तरी मागं घ्या." ते शांतपणे म्हणाले, "वहिनी, शेड दादांनी टाकलंय, २००९ ला. आजवर कुणी बोललं नाही." दादा म्हणजे त्यांचे वडील. चहा झाला, मी परत आले. भांडण असं झालंच नाही.

त्यानंतर समितीचा ठराव झाला, मुख्याध्यापकांनी पत्र दिलं, मी ग्रामसभेत उठून बोलले. शेड हललं नाही. ज्या पंचायतीनं अतिक्रमण काढायचं तिथं तेच सदस्य बसलेले, मग नोटीस कोण काढणार? तेव्हा मला एका शिक्षकांनी सांगितलं की महाराष्ट्र ग्रामपंचायत अधिनियमात कलम १४ (१) (ज-३) आहे. सरकारी जमिनीवर किंवा सार्वजनिक मालमत्तेवर अतिक्रमण करणारा माणूस सदस्य राहू शकत नाही. आणि तो राहतो की नाही हे कलम १६ खाली जिल्हाधिकारी ठरवतात.

इथं लोकांची फार गल्लत होते. मीही आधी तहसीलमध्ये गेले, मग पंचायत समितीत. तहसीलदारांकडं अविश्वास ठरावाची नोटीस जाते, तो कलम ३५ चा विषय, आणि तो सदस्यांनी आणायचा असतो, गावकऱ्यांनी नाही. निवडणुकीतच घोटाळा झाला असेल तर कलम १५ प्रमाणे निकालापासून १५ दिवसांत दिवाणी न्यायालयात जावं लागतं. पदावर असताना पैशांची अफरातफर किंवा गैरवर्तन केलं तर कलम ३९. आणि अतिक्रमण, थकलेली घरपट्टी, पंचायतीच्या कामात स्वतःचा ठेका, १२ सप्टेंबर २००१ नंतर जन्मलेलं तिसरं अपत्य, हे सगळं कलम १४ मध्ये येतं आणि त्याचा दरवाजा म्हणजे जिल्हाधिकारी कार्यालयातली ग्रामपंचायत शाखा. अर्जाला तिथं "विवाद अर्ज" म्हणतात. हा शब्द वापरलात की खिडकीवरचा माणूस बरोबर टेबल दाखवतो. "तक्रार" म्हणालात तर आवक-जावकमध्ये शिक्का मारून तुमचा कागद दुसऱ्याच ढिगात जातो. माझा पहिला कागद तसाच गेला.

विवाद अर्ज मी १४ जून २०२२ ला दिला. वटपौर्णिमा होती, उपास होता, म्हणून दिवस पक्का लक्षात आहे. अर्जाला वकील लागतोच असं नाही, कुणीही व्यक्ती अर्ज करू शकते. मी मात्र वकील केला आणि त्याचा मला पश्चात्ताप नाही. आमच्या वकील साहेबांनी पहिल्याच भेटीत एक प्रश्न विचारला, "ताई, शेड त्यांचं आहे हे तुम्ही कशावरून म्हणता?" मी म्हटलं, सगळ्या गावाला माहीत आहे. ते म्हणाले, "गाव साक्षीला येणार आहे का?" मी गप्प बसले. भावकीतल्या माणसाविरुद्ध पुढं यायला कोण तयार होतं!

मग माहिती अधिकारात अर्ज टाकला. दहा रुपयांचं कोर्ट फी तिकीट, पानाला २ रुपये, तीस दिवस. ग्रामपंचायतीकडून मी दोन गोष्टी मागितल्या : त्या शेडचा नमुना ८ चा उतारा आणि मागच्या पाच वर्षांच्या करपावत्या. नमुना ८ म्हणजे घरपट्टी ज्या आकारणी वहीतून ठरते ती वही. उताऱ्यात मालक म्हणून "जि. प. शाळा" आणि भोगवटादार, म्हणजे जागा वापरणारा, म्हणून त्यांचं नाव होतं. आणि नोव्हेंबर २०२१ ची कराची पावती, त्यांच्याच नावाची. निवडून आल्यावर थकबाकीवरून कुणी अपात्र करू नये म्हणून त्यांनी सगळी पट्टी भरून टाकली होती, शेडचीसुद्धा. ती गुलाबी पावती हातात आली तेव्हा मी ती तीन वेळा वाचली. शेड वडिलांचं म्हणणारा माणूस कर स्वतःच्या नावानं भरत होता. नंतर सगळं प्रकरण या एका पावतीवर उभं राहिलं. तेव्हा कलम १४ खाली जे काही असेल, अगोदर नमुना ८ आणि पावत्या काढा. अर्ज नंतर.

दुसरी गोष्ट मोजणी. इथं मी चुकले आणि चुकीचे चार महिने भोगले. कायद्यात जिल्हाधिकाऱ्यांनी शक्यतो साठ दिवसांत निर्णय द्यावा असं लिहिलंय. "शक्यतो" हा शब्द नीट वाचा. अर्ज दाखल झाल्यावर गटविकास अधिकाऱ्यांकडून अहवाल मागवला गेला. विस्तार अधिकारी आले, शेड बघितलं, पंचनामा लिहिला : "शाळेच्या मैदानात पत्र्याचे शेड दिसून आले." बस्स. शेड शाळेच्या जमिनीच्या गटात किती, शेजारच्या गटात किती, काही नाही. समोरच्या वकिलांनी पहिल्याच तारखेला बोट त्यावर ठेवलं. शेजारचा गट त्यांच्या अशिलाच्या चुलत्यांचा, शेड त्याच गटात आहे, असं त्यांचं म्हणणं. हद्द कुणी मोजली नव्हती, त्यामुळं ते खोटं आहे असं दाखवायला आमच्याकडं काहीच नव्हतं.

आम्ही सुनावणीत मोजणीचा अर्ज दिला, तिथून भूमी अभिलेख कार्यालयाला पत्र गेलं, दिवाळी गेली, आणि डिसेंबरमध्ये भूकरमापक आले. दोन्ही बाजूंना आधी नोटीस होती. ही नोटीस फार महत्त्वाची आहे. वकील साहेबांनी बजावलं होतं की नोटीस न देता केलेली मोजणी वरच्या पायरीवर टिकत नाही. सकाळी नऊला यंत्र लागलं, पोरं शाळेच्या व्हरांड्यात उभी राहून बघत होती. फक्कीनं रेघ ओढत ओढत शिपाई शेडजवळ आला आणि रेघ शेडच्या पलीकडून गेली. अख्खं शेड शाळेच्या गटात. पाऊण गुंठ्यालाही कमी जागा, पण सगळी शाळेची. भाऊजी तिथंच उभे होते. सही करताना ते माझ्याकडं बघत नव्हते, मीही बघितलं नाही.

हीच मोजणी शाळेनं आधी करून घेतली असती तर? समितीचा ठराव आणि मुख्याध्यापकांचं पत्र एवढ्यावर गटशिक्षणाधिकाऱ्यांमार्फत ती होऊ शकली असती. जमीन सरकारी असेल तर तुम्ही स्वतः मोजणी मागू शकत नाही, ज्यांच्या ताब्यात ती आहे त्यांना मागावी लागते. म्हणून आधी त्यांच्यामागं लागा.

सुनावणीबद्दल आता. एकूण सात तारखा पडल्या, त्यातल्या तीन वाया. एकदा जिल्ह्यात मंत्र्यांचा दौरा होता, एकदा साहेब निवडणुकीच्या कामात, एकदा समोरचे वकील आले नाहीत. अकराची वेळ असायची आणि पुकारा दुपारी साडेतीनला व्हायचा. व्हरांड्यात दोन बाकं, म्हाताऱ्या माणसांना बसायला जागा नाही, बायकांच्या स्वच्छतागृहाला कुलूप आणि किल्ली कुणाकडं ते माहीत नाही. दिवसभर घराबाहेर राहणाऱ्या बाईला याचा किती त्रास होतो ते मी वेगळं सांगायला नको. कोर्टासारखंच काम चालतं तर कोर्टात असतात तेवढ्या तरी सोयी असाव्यात. पण ग्रामपंचायत शाखेतल्या लिपिक ताईंबद्दल चांगलंच सांगेन. दर तारखेनंतर रोजनामा लिहिला आहे की नाही ते त्या आपणहून दाखवायच्या, पुढची तारीख माझ्या वहीत स्वतःच्या हातानं लिहून द्यायच्या. रोजनाम्याची नक्कल प्रत्येक वेळी घ्या. कोण हजर होतं, कुणी मुदत मागितली हे त्यात असतं आणि अपिलात उपयोगी पडतं.

एसटीनं एका वेळचे ९० रुपये लागायचे. १७ मार्च २०२३ पासून बायकांना अर्ध तिकीट झालं, तेव्हा शेवटच्या दोन तारखांना ४५ मध्ये गेले. एवढं बारीक लिहितेय कारण गावातून जिल्ह्याला जाणाऱ्या माणसाला हा हिशेब करावाच लागतो. वकिलांची फी जिल्ह्याला १२ हजार, अपिलात आणखी ७ हजार. मशीन बंद राहिली त्या दिवसांची मजुरी वेगळी.

समोरच्यांचा खरा बचाव शेवटी आला. शेड वडिलांनी टाकलं, मी टाकलं नाही, मग अतिक्रमण करणारा मी कसा? हा मुद्दा हलका नाही. २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं सागर पांडुरंग धुंदरे यांच्या प्रकरणात असंच म्हटलं होतं, की ज्यानं मुळात अतिक्रमण केलं त्यालाच अपात्रता लागते. पण १९ सप्टेंबर २०१८ ला जनाबाई विरुद्ध अपर आयुक्त या प्रकरणात तीन न्यायमूर्तींच्या पीठानं तो अर्थ मान्य केला नाही. अतिक्रमण आधीच्या पिढीनं केलं असलं तरी ते पुढं वापरत राहणारा माणूसही त्यात येतो, असं त्यांनी सांगितलं. आमच्या वकील साहेबांनी तो निकाल दाखल केला आणि त्याच्यावर ती गुलाबी पावती ठेवली. वडील वारलेले, शेडमधली पोती यांची, कर यांच्या नावानं. जिल्हाधिकारी साहेबांनी पावती उचलून उजेडाकडं धरून तारीख वाचली. युक्तिवाद दहा मिनिटांचा झाला असेल.

मधल्या काळात एक गोष्ट घडली ती सांगितलीच पाहिजे. गावातल्या दुसऱ्या गटाचे एक पुढारी घरी आले. म्हणाले, "ताई, वकिलाचा सगळा खर्च आमचा. फक्त अर्जात अजून एक नाव घाला." नाव एका महिला सदस्याचं होतं. तिच्या सासूच्या घराचा ओटा म्हणे गावठाणात पुढं आलाय. ती बाई दुसऱ्या वाडीत नवऱ्याबरोबर वेगळी राहते, हे त्यांनाही माहीत होतं आणि मलाही. मी नाही म्हटलं. आमचे हे म्हणाले, वीस हजार वाचत होते. वाचत होते, खरं आहे. पण कायदा शाळेची जागा सोडवायला आहे आणि मी त्यासाठीच गेले होते.

पुढं २०२४ च्या सप्टेंबरमध्ये सर्वोच्च न्यायालयानं जळगाव जिल्ह्यातल्या विचखेड्याच्या महिला सरपंचांना पद परत दिलं. त्यांच्यावर अगदी हाच आरोप होता, सासूच्या सरकारी जागेवरच्या घरात राहतात म्हणून, आणि त्या म्हणत होत्या की मी नवरा-मुलांबरोबर वेगळी भाड्यानं राहते. निवडून आलेल्या माणसाला, त्यातही गावातल्या बाईला, इतक्या सहज काढता येणार नाही असं न्यायालयानं सुनावलं. पेपरात ती बातमी वाचून मला त्या दिवशीचा तो पुढारी आठवला. हा अर्ज करताना समोरचा माणूस खरंच ती जागा वापरतो का, हे स्वतःच्या डोळ्यांनी बघून मगच सही करा. अर्जाचं काम कागदावर चालतं, म्हणून खोटे कागद जमवणारेही त्याच व्हरांड्यात बसलेले असतात.

निकाल ९ मे २०२३ ला लागला. चार पानी आदेश, शेवटच्या परिच्छेदात "सदस्य म्हणून राहण्यास अपात्र ठरविण्यात येत आहे". लक्षात घ्या, निकाल लागेपर्यंत सदस्य सदस्यच राहतो, कायद्यात तसं स्पष्ट आहे. अकरा महिने ते मासिक सभेला बसत होते, ठरावांना हात वर करत होते. आदेशानंतर पंधरा दिवसांत अपील करता येतं, ते कायद्यानं राज्य शासनाकडं असतं आणि प्रत्यक्षात विभागीय आयुक्तांपुढं चालतं. त्यांनी तेराव्या दिवशी केलं. आम्ही कॅव्हेट, म्हणजे आम्हाला ऐकल्याशिवाय स्थगिती देऊ नका असा अर्ज, टाकलं होतं, तरी दोन्ही बाजू ऐकून स्थगिती मिळालीच. पुन्हा सदस्य. मला त्या दिवशी रडू आलं, खोटं कशाला सांगू. विभागाचं शहर आमच्यापासून पाच तास. फेब्रुवारी २०२४ मध्ये अपील फेटाळलं गेलं.

आणि त्या शेवटच्या सुनावणीच्या दोन दिवस आधी भाऊजींनी स्वतः पत्रे उतरवले होते. फोटो काढून आयुक्तांपुढं ठेवले की आता अतिक्रमणच राहिलं नाही. आयुक्तांनी ते मानलं नाही, पदावर असताना अतिक्रमण होतं हे सिद्ध झालंय एवढंच आदेशात लिहिलं.

पाचपैकी गुण द्यायचे तर कायद्याला चार देईन. एक साधी बाई, वकिलासकट एकवीस-बावीस हजारांत, मंत्री-आमदाराची ओळख नसताना सार्वजनिक जागेचा प्रश्न तिथपर्यंत नेऊ शकते, ही फार मोठी गोष्ट आहे. वेळेला एक. साठ दिवसांचे वीस महिने झाले, पाच वर्षांच्या मुदतीतली तीन वर्षं संपली. मोजणीला पाच, तो माणूस फक्कीची रेघ कुणाकडं न बघता ओढत गेला. व्हरांड्याला शून्य.

आणखी एक सांगायचं राहिलं, कारण निकाल हातात आल्यावर मलाही हे माहीत नव्हतं. अपात्रतेचा आदेश फक्त माणसाला पदावरून काढतो, बांधकामाला हात लावत नाही. ते काढायचं काम पंचायतीचं, कलम ५३ प्रमाणे, आणि त्याचा अर्ज वेगळा द्यावा लागतो. पत्रे गेले तरी सिमेंटमध्ये रोवलेले लोखंडी अँगल तसेच होते, गुडघ्याएवढे उंच, आठ. पोरं त्यांना दप्तरं अडकवायची. समितीनं पंचायतीला तीन पत्रं दिली, तिसऱ्या पत्राला आयुक्तांचा आदेश आणि मोजणीचा नकाशा जोडला. जून २०२४ मध्ये, शाळा उघडायच्या आदल्या आठवड्यात, पंचायतीचा माणूस कटर मशीन घेऊन आला. मी शिलाई मशीनवर होते, आवाज घरापर्यंत येत होता. सात अँगल बुडापासून कापले. आठवा कापायच्या आधी वीज गेली, तो दुसऱ्या दिवशी भाऊजींच्या धाकट्या मुलानं कुदळीनं उकरून काढला. त्या शाळेत तोही चौथीला होता.